शेतकरी उत्पादक कंपनी : मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याचे वेतन चौथ्या वर्षी कोठून द्यावे?

केंद्र शासनाने २०२० मध्ये सुरू केलेल्या दहा हजार शेतकरी उत्पादक संघटनांच्या योजनेत मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याच्या वेतनासाठी दरमहा कमाल २५,००० रुपये, तर लेखापालासाठी १०,००० रुपये साहाय्य ठरविण्यात आले. त्याची मुदत तीन वर्षे. त्यानंतर हा भार कंपनीच्याच उत्पन्नावर पडतो.

रायपूरच्या तेलीबांधा परिसरातील उपाहारगृहांना भाजीपाला पुरविणाऱ्या एका कल्पित कंपनीचे उदाहरण घेता येईल. शेतकऱ्याला माल उतरताच पैसे हवे असतात. उपाहारगृह बिल महिना-दीड महिन्याने चुकते करते. त्यामुळे विक्री वाढते तसे उधारीत अडकणारे खेळते भांडवलही वाढते. अधिकाऱ्याचे वेतन सोडून अन्य सर्व खर्च वजा जाता शंभर रुपयांच्या विक्रीमागे तीन रुपये उरत असतील, तर वर्षाचे ३ लाख रुपये वेतन भागविण्यासाठीच १ कोटी रुपयांची विक्री करावी लागेल.

इतर नव्या उद्योगांत अशा वेळी पगार कमी ठेवून अधिकाऱ्याला कंपनीचे भाग दिले जातात. उत्पादक कंपनीला ही वाट मोकळी नाही. कंपनी कायदा, २०१३ नुसार पूर्णवेळ मुख्य कार्यकारी अधिकारी सभासद नसलेल्या व्यक्तींमधूनच नेमावा लागतो आणि भाग मात्र उत्पादक सभासदांकडेच राहतात. मोठ्या कंपन्या उपकंपनी काढू शकतात (नाशिकच्या सह्याद्री फार्म्सने २०२२ मधील परदेशी गुंतवणूक उपकंपनीतच घेतली), पण लहान कंपनीला ते झेपणारे नाही.

म्हणून वेतनाचे दोन भाग करावेत. मंदीच्या महिन्यांतही देता येईल एवढे वेतन निश्चित ठेवावे. उरलेले प्रोत्साहन म्हणून द्यावे. हे प्रोत्साहन विक्रीच्या टक्केवारीवर ठेवणे महागात पडते, कारण उधारीवर माल खपवूनही अधिकारी त्यास पात्र ठरतो. ते वसूल झालेल्या ठोक नफ्यावर असावे. तिमाहीत ४ लाखांचा ठोक नफा झाला, पण त्यातील २.५ लाखच हाती आले, तर ५ टक्क्यांप्रमाणे १२,५०० रुपये लगेच द्यावेत. उरलेले ७,५०० रुपये येणे वसूल झाल्यावर.

वेतनाचा काही भाग लांबणीवर टाकायचाच असेल, तर ‘हंगामानंतर पाहू’ ही तोंडी कबुली पुरेशी नाही. संचालक मंडळाचा ठराव, रक्कम आणि देण्याचा महिना नियुक्तिपत्रात असावा. ती रक्कम त्याच वर्षाच्या ताळेबंदात देणे म्हणून दाखवावी. तसे न केल्यास शिल्लक फुगलेली दिसते, सभासदांत बोनस वाटला जातो आणि अधिकाऱ्याची थकबाकी पुढील हंगामाच्या बियाणे-खत खरेदीच्या पैशातून द्यावी लागते.