वेस्टरबोर्कच्या फितीची जबानी

नेदरलंड्समधील वेस्टरबोर्क या संक्रमण-छावणीचा जर्मन अंमलदार आल्बर्ट गेमेकर याने १९४४ साली, छावणीतील उद्योगांची उपयुक्तता आणि आपल्या अंमलाची टापटीप दृष्टोत्पत्तीस यावी म्हणून, तिथलाच ज्यू बंदिवान रुडोल्फ ब्रेस्लाउअर याला चित्रीकरणाचा हुकूम दिला. चित्रपट पुरा झालाच नाही. ब्रेस्लाउअरची पुढे आउश्वित्सला रवानगी झाली, तो परतला नाही, आणि मागे राहिली ती कच्ची, मूक, कृष्णधवल फीत.

आलँ रेने याने १९५५ च्या ‘नाइट अँड फॉग’मध्ये तिच्यातील गाडी सुटण्याची दृश्ये घेतली, पण त्याला हवी होती ती अशा सर्वच गाड्यांचे प्रतीक होणारी गाडी, आणि म्हणून ही कोणती, कोणत्या तारखेची, हा प्रश्न त्याच्या चित्रपटात उद्भवत नाही. तो प्रश्न सोडवला संशोधकांनी, हातगाडीवरून नेल्या जाणाऱ्या एका वृद्धेच्या पेटीवर रंगवलेले नाव व जन्मतारीख वाचून आणि रवानगीच्या याद्यांशी ताडून: गाडी १९ मे १९४४ ची. डब्याच्या दारातून बाहेर पाहणारी, डोक्याला फडके बांधलेली मुलगी तर कित्येक दशके ज्यू समाजाच्या संहाराची मुद्रा म्हणून जगभर छापली गेली. ती सेटेला श्टाइनबाख, सिंती जमातीची, नऊ वर्षांची, हे आट वाखेनार या पत्रकाराने १९९४ साली सिद्ध केले.

जर्मन दिग्दर्शक हारून फारोकी याने २००७ साली ‘रेस्पाइट’ हा चाळीस मिनिटांचा चित्रपट रचला तो याच फितीतून, संगीत नाही, निवेदकाचा स्वर नाही, केवळ काळ्या पडद्यावरील त्रोटक पाट्या, अशा जवळजवळ निष्ठुर संयमाने. पीटर जॅक्सनने २०१८ साली पहिल्या महायुद्धाच्या चित्रणाला रंग चढवून, ओठांच्या हालचाली वाचून सैनिकांच्या तोंडी शब्द घातले. त्या कौशल्याबद्दल मला आदर आहे, परंतु साक्षीदाराला बोलते करणे निराळे आणि त्याची जबानी आपण लिहून देणे निराळे. फारोकी फक्त चित्र थांबवतो, तेच पुन्हा दाखवतो, आणि सेटेलाच्या मुखाइतक्या जवळून ब्रेस्लाउअरने दुसरा चेहरा का टिपला नसावा, यावर आपला तर्क, तर्क म्हणूनच, नमूद करतो.

एके ठिकाणी मात्र तो स्वतःचा नेम मोडतो. दंतवैद्यासमोर उघडलेले तोंड दाखवताना तो आउश्वित्समध्ये उपटलेल्या सोन्याच्या दातांची आठवण देतो, आणि शेतात विसाव्यासाठी पडलेल्यांत प्रेते पाहावयास लावतो. ही भर अनावश्यक, असे माझे प्रथमदर्शनी मत झाले होते. परंतु त्याच श्रमाच्या दृश्यांचे तो दुसरेही वाचन मांडतो: काम चालू आहे तोवर आपले नाव पुढल्या यादीत येणार नाही, या आशेने राबणारी ही माणसे कधी कधी हसतातही, आणि ते हसू गेमेकरच्या हुकमाने आले असावे असे मानण्यास फितीत काही आधार सापडत नाही.