एकशे चोवीस

नव्वदच्या दशकात पुण्या-मुंबईच्या कॉलेज फेस्टिव्हलांत वाजवणारा एक बँड पुन्हा एकत्र येऊन अल्बम करतोय, एवढंच कानावर आलं असतं तर मी बहुधा गेलो नसतो. जुने मित्र जमतात, एखादी संध्याकाळ जुनी गाणी वाजवतात आणि आपापल्या घरी जातात. पण क्लिक ट्रॅक न लावता, पाचहीजण एका खोलीत उभं राहून वाजवणार आहोत, असं त्यांच्या बेसिस्टने सांगितलं आणि मी स्टुडिओचा पत्ता मागून घेतला.

क्लिक म्हणजे हेडफोनमध्ये सतत वाजणारी टिकटिक. आज बहुतेक रेकॉर्डिंग तिच्याच आधारावर होतं. ड्रमर एका दिवशी वाजवून जातो, गिटारिस्ट दुसऱ्या दिवशी, गायक तिसऱ्याच शहरातून फाइल पाठवतो. टिकटिक सगळ्यांना एकच असल्यामुळे गाणं जुळतं. चुकलेला फटका संगणकावर उचलून जागेवर नेऊन ठेवता येतो. ही सोय सोडायची तर पाचहीजणांना अख्खं गाणं एकदमच नीट वाजवावं लागतं. पन्नाशी ओलांडलेल्या या लोकांनी ते अंगावर घेतलं होतं.

मी आत शिरलो तेव्हा तिशीतला इंजिनिअर सुतळीचं एक टोक स्नेअर ड्रमच्या मधोमध दाबून दुसरं टोक वर टांगलेल्या माइकपर्यंत ताणत होता. तिथे त्याने गाठ मारली आणि तीच गाठ दुसऱ्या माइकला बरोबर लागते का ते पाहिलं. या दोन माइकचं स्नेअरपासूनचं अंतर सारखं नसेल तर एकाच फटक्याचा आवाज एकाकडे आधी पोचतो, दुसऱ्याकडे नंतर. दोन्ही एकत्र केले की फटका पातळ होतो. स्नेअरच्या खालीही एक माइक होता. वरून काठी बसली की वरचा पडदा वरच्या माइकपासून लांब जातो आणि खालचा खालच्या माइकच्या जवळ येतो, म्हणून एका माइकची फेज उलटी करावी लागते. त्याने बटण दाबलं आणि तोच फटका एकदम भरदार झाला. कुणाच्याही कानाला कळावा इतका फरक होता.

बाकीची मांडामांड लवकर उरकली. गिटारिस्टचा ट्यूबवाला अँप बरीच वर्षं बंद होता. तो सुरू झाल्यावर तापलेल्या धुळीचा करपट वास खोलीभर पसरला आणि पाचहीजण एकमेकांकडे बघून हसले.

माझं लक्ष मात्र ड्रमरकडेच जात राहिलं. बँकेतली नोकरी लागल्यावर त्याने ड्रमकिट विकून टाकलं होतं. फ्लॅटमध्ये ड्रम वाजवणं शक्य नाही, म्हणून या अल्बमसाठी तो वर्षभर रोज रात्री रबरी पॅडवर सराव करत होता. पॅडवर मनगटं तयार होतात, पाय होत नाही. किक ड्रमचा पेडल मारणारा उजवा पाय जड व्हायला लागला की तो बूट काढून नुसत्या मोज्यावर वाजवायचा. तक्रारीचा एक शब्द नाही. फक्त एक आकडा तो पुन्हा पुन्हा सांगायचा.

‘‘अरे, आपलं गाणं एकशे चोवीसचं आहे.’’

मिनिटाला १२४ ठोके. जुन्या डेमो कॅसेटवरून, फोनवर बोटाने ताल धरून त्याने हा आकडा काढला होता. पहिला टेक ११८ ला पडला. ‘‘एकशे चोवीस रे,’’ तो म्हणाला. पुढच्यात त्याने १२४ गाठले, पण शेवटच्या कडव्यापर्यंत दम टिकला नाही. बेसिस्ट म्हणाला, थोडं खाली घेऊ. ‘‘तेव्हा चोवीसला वाजवत होतो ना? मग आता का नाही?’’ यावर कुणी बोललं नाही. गाण्याच्या लयीपलीकडचं काहीतरी तो त्या आकड्यावर मोजत होता, हे सगळ्यांनाच समजत होतं.

गायकाने आपला हिशोब आधीच स्वच्छ मांडला होता. आवाज पूर्वीसारखा वर जात नाही, म्हणून सगळी गाणी अर्धा स्वर उतरवली; पांढरी तीनची गाणी काळी दोनला आली. त्याचा भार गिटारिस्टवर पडला. तारा अर्धा स्वर सैल केल्या की ढिल्या पडून फ्रेटवर झणझणतात, म्हणून त्याला जाड तारांचा संच चढवावा लागला. त्या जाड तारा खेचून त्याच्या बोटांची टोकं लाल झाली होती.

दुपारी कीबोर्डवाल्याला जुन्या गाण्यातला एक तुकडा आठवेना. त्याने कॅसेटवरून केलेली फाइल लावली, सोबत वाजवायला घेतलं, पण सूर जुळेना. अर्धा स्वर वरचा धरला तरी नाही, खालचा धरला तरी नाही. इंजिनिअरने त्या फाइलमधला कीबोर्डचा सूर मोजला. डिजिटल कीबोर्ड मुळात ४४० हर्ट्झच्या ‘ए’वर जुळवलेला असतो, आणि त्यांनी त्यात कधी काही बदललं नव्हतं. कॅसेटवर तो ‘ए’ ४५३ दाखवत होता. म्हणजे फीत जवळपास तीन टक्के जास्त वेगाने धावली होती. कॅसेटची फीत सेकंदाला साधारण पावणेपाच सेंटिमीटर सरकायला हवी. डेकची मोटर जरा पळाली की सूरही चढतो आणि लयही. इंजिनिअरने भागाकार केला. एकशे चोवीस म्हणजे मुळात एकशे वीस.

‘‘म्हणजे आम्ही तेव्हाही वीसलाच वाजवत होतो?’’ ड्रमरने विचारलं.

‘‘हो सर. साधारण वीसलाच.’’

तो बराच वेळ स्नेअरची खीळ चावीने उगीच मागेपुढे करत बसला. मग त्याने बूट काढला आणि चार मोजून सुरुवात केली. त्या टेकला आकडा कुणीच उच्चारला नाही. गाणं ११९ च्या आसपास सुरू झालं, कोरसला १२२ वर गेलं, कडव्याला परत खाली आलं. काचेतून दिसत होतं, बेसिस्टची नजर ड्रमरच्या उजव्या पायावर होती. तो जिथे पुढे सरकला तिथे हाही सरकला. गायक तर डोळे मिटून गात होता. टेक संपल्यावर इंजिनिअरने टॉकबॅकवर विचारलं, ‘‘सर, कोरस जरा पळतोय. सरळ करून घेऊ?’’

‘‘पळू दे.’’

माझंही मत तेच आहे. कोरसला वाढलेले ते दोन-तीन ठोके पाच माणसांनी मिळून वाढवले होते, आणि ऐकणाऱ्याच्या अंगावर येतो तो तोच भाग.

पुन्हा एकत्र येणाऱ्या बँडमध्ये ड्रमर किंवा बेसिस्ट अनेकदा बदललेला असतो. मुंबईत १९८४ साली रॉक मशीन म्हणून सुरू झालेला आणि १९९३ मध्ये इंडस क्रीड झालेला बँड १९९७ ला थांबला, २०१० ला परतला. २०१२ च्या त्यांच्या ‘इव्हॉल्व्ह’मध्ये उदय बेनेगल, महेश तिनईकर आणि झुबिन बालापोरिया हे जुने होते, बेस आणि ड्रमवर रुशाद मिस्त्री आणि जय रो कवी हे नवे आले. त्यांनी जुन्याची नक्कल केली नाही, नव्या अंगाने वाजवलं, म्हणून तो अल्बम उभा राहिला. ब्लॅक सॅबथच्या २०१३ च्या ‘थर्टीन’ची गोष्ट वेगळी. ऑझी ऑसबॉर्न १९७८ नंतर प्रथमच त्यांच्या स्टुडिओ अल्बमवर गायला, पण जुना ड्रमर बिल वॉर्ड नव्हता. ड्रम ब्रॅड विल्कने वाजवले. वाजवले चोख, तरी वॉर्डचं ते मागेपुढे झुलणं मला त्यात सापडत नाही. उलट डीप पर्पलचे पाचही जुने वादक १९८४ साली अमेरिकेतल्या व्हरमाँटमध्ये एकत्र राहिले आणि अकरा वर्षांच्या खंडानंतर ‘परफेक्ट स्ट्रेंजर्स’ झाला. तो आजही ताजा वाटतो, आणि माझ्या मते त्यात इयन पेसच्या ड्रमचा वाटा मोठा आहे.

तुमचाही एखादा बँड असेल, कपाटात डेमो पडून असेल आणि पुन्हा वाजवायचं मनात असेल, तर आधी ती कॅसेट नीट वेगाने उतरवून घ्या. मग गायकाच्या तारखांसाठी थांबू नका, आवाज नंतरही घेता येतो. ड्रमर आणि बेसिस्टला एका खोलीत, एकमेकांना दिसतील असं बसवा आणि पहिले काही दिवस क्लिक बंद ठेवा.