सावडीचा परीघ

इंदापूर तालुक्यातले शेळगाव हे उसाच्या पट्ट्यातले गाव. जगद्गुरू तुकोबारायांची पालखी बारामती सोडून सणसर, बेलवाडी, अंथुर्णे करत निमगाव केतकीकडे निघते, तेव्हा वाटेत शेळगाव फाटा लागतो. २०२० च्या आषाढात या रस्त्यावर टाळ वाजला नाही. तुकोबांच्या पादुका एसटीने पंढरपूरला गेल्या. त्याआधी दोन महिने, २५ एप्रिलला, रमजान सुरू झाला तेव्हा मशिदींची दारेही बंद होती. तरावीह घरात, ईदची नमाज घरात, गळाभेट नाही. पुढच्या वर्षीही तीच गत. इफ्तारचा खजूर आणि वारकऱ्याची भाकर या दोन्ही वाटून खायच्या गोष्टी. त्या दोन वर्षांत त्या ज्याच्या त्याने आपापल्या घरात खाल्ल्या.

आता सगळे पूर्ववत झाले आहे. पालखी पायी जाते, मशिदी भरतात, इफ्तारला शेजारपाजारचे बोलावले जातात. पण त्या काळाने टाकलेला एक प्रश्न पुरता सुटलेला नाही. संकटात माणूस आपल्या माणसांना धरून राहतो हे खरे. पण 'आपली माणसे' म्हणजे नेमकी किती आणि कुठवरची?

इथल्या शेतकऱ्याला या प्रश्नाचे एक उत्तर पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होते. एकट्याच्या बैलजोडीने नांगरट उरकत नसे, तेव्हा इर्जिक घालत. गावातले नांगर एका रानात उतरत आणि रानाचा मालक सगळ्यांना जेवू घाली. सावड त्याहून काटेकोर. आज माझे दोन दिवस तुझ्या रानात, उद्या तुझे दोन दिवस माझ्या रानात. त्यात मजुरी नाही आणि उपकार तर मुळीच नाही. सावड न फेडणाऱ्याच्या पेरणीला पुढच्या साली कोण येणार? ट्रॅक्टर आले आणि इर्जिक मागे पडली. सावड मात्र खुरपणीला, लागवडीला अजून कुठे कुठे तग धरून आहे.

आफ्रिका खंडाच्या दक्षिण टोकाला झुलू आणि खोसा लोकांच्या बोलीत याच जातीचा एक शब्द आहे, उबुंटू. मराठी माणसाला तो अगदी परका नाही. २०१७ साली पुष्कर श्रोत्री यांनी याच नावाचा मराठी चित्रपट काढला आणि त्यातली प्रार्थना अनेक शाळांच्या परिपाठात जाऊन बसली. शब्दामागची म्हण अशी : उमुन्तु न्गुमुन्तु न्गाबान्तु. माणूस माणसांमुळे माणूस होतो. केनियाचे विचारवंत जॉन म्बिटी यांनी १९६९ च्या आपल्या ग्रंथात आफ्रिकी जीवनदृष्टीचा गाभा असाच मांडला. आधी 'आम्ही' आहोत, म्हणून 'मी' आहे. नेल्सन मंडेला हे समजावताना जुन्या काळातल्या वाटसरूचा दाखला देत. वाटसरू गावात थांबला की त्याला पाणी किंवा अन्न मागावे लागत नसे, लोक आपणहून आणून देत. वारीच्या वाटेवर राहणाऱ्याला यात नवल वाटणार नाही.

उबुंटू हा नुसता गोड शब्द नाही. दक्षिण आफ्रिकेत गोऱ्यांची वर्णभेदी सत्ता संपत होती, तेव्हा १९९३ च्या अंतरिम राज्यघटनेत तो लिहिला गेला. सूड नको, उबुंटू हवा, अशा अर्थाने. १९९५ मध्ये तिथल्या घटनापीठाने फाशीची शिक्षा रद्द केली तेव्हा निकालपत्रात त्याचा आधार घेतला. आर्चबिशप डेस्मंड टूटू यांनी सत्यशोधन आणि समेट आयोगाचे काम याच विचारावर उभे केले.

आणि तरीही, २००८ मध्ये त्याच देशात शेजारच्या देशांतून पोटासाठी आलेल्या आफ्रिकी मजुरांवर हल्ले झाले, त्यात साठहून अधिक माणसे मारली गेली. मारणाऱ्यांच्याही भाषेत उबुंटू हा शब्द होताच. सावडीचेही तसेच. रान असेल, बैल असेल, घरात राबणारे हात असतील, त्यालाच सावडीत जागा. बीडहून कोयता घेऊन आलेली जोडी उसाच्या फडाशेजारी कोपी घालून पाच-सहा महिने राहते, पण तिला गावाच्या सावडीत कोणी धरत नाही. २०२० च्या एप्रिलमध्ये टाळेबंदीत राज्यभरात अशा सव्वा लाखाहून अधिक ऊसतोड कामगारांना कारखान्यांच्या परिसरात अडकून पडावे लागले. १७ एप्रिलला सरकारने त्यांना तपासणी करून घरी जाण्याची परवानगी दिली. काही जण घरी पोचले तेव्हा गावच्या वेशीवर काट्या टाकलेल्या होत्या. ज्या गावात जन्म गेला, त्या गावानेही परीघ आखडून घेतला.

इस्लाममध्ये या परिघाची चर्चा शेजाऱ्यापासून सुरू होते. शेजारी उपाशी असताना स्वतः पोटभर जेवणाऱ्याच्या ईमानाबद्दल प्रेषित मुहम्मद (स.) यांनी फार कठोर शब्द वापरले आहेत. त्या शिकवणीत शेजाऱ्याचा धर्म विचारलेला नाही. साथीच्या रोगाबद्दलही त्यांची आज्ञा स्पष्ट आहे. साथ असलेल्या मुलखात जाऊ नये आणि तिथे असलेल्याने तिथून बाहेर पडू नये. म्हणजे दुसऱ्याच्या जिवासाठी स्वतःच्या पायाला आवर घालायचा. मशिदी बंद ठेवताना उलेमांनी याच शिकवणीचा दाखला दिला.

जकातीचा हिशेब बहुतेक घरांत रमजानमध्येच होतो. साडेबावन्न तोळे चांदीच्या किमतीइतकी किंवा त्याहून जास्त बचत वर्षभर हाताशी राहिली, तर तिचा चाळिसावा भाग, म्हणजे शेकडा अडीच, गरजूंना द्यायचा. पवित्र कुरआन या पैशाला श्रीमंताचे दान म्हणत नाही. श्रीमंताच्या मालमत्तेत गरजूचा ठरलेला हक्क आहे, असे सांगते. घेणाऱ्याने मान खाली घालायची नाही आणि देणाऱ्याने मान वर करायची नाही. सावडीतला काटेकोरपणा इथेही आहे, फक्त इथे परतफेडीची अट नाही.

आफ्रिकेचे ऋण तर इस्लाम पहिल्या दिवसापासून मानतो. मक्केत छळ सुरू झाला तेव्हा मुस्लिमांच्या पहिल्या जथ्याला आसरा दिला तो हबशाच्या, म्हणजे आजच्या इथिओपियाच्या, ख्रिस्ती राजाने, नजाशीने. पहिली अजान दिली ती हबशी हजरत बिलाल (रजि.) यांनी. त्याच इथिओपियातून गुलाम म्हणून विकला गेलेला एक पोरगा पुढे दख्खनेत मलिक अंबर झाला आणि निजामशाही सांभाळून गेला. छत्रपती शिवरायांचे आजोबा मालोजीराजे त्याच निजामशाहीचे सरदार; ते इंदापूरच्याच लढाईत कामी आले. इंदापूरच्या मातीला आफ्रिका वाटते तितकी लांब नाही.

महामारीत केपटाउन शहरात जे झाले ते समजून घेण्यासारखे आहे. मार्च २०२० मध्ये तिथे 'केपटाउन टुगेदर' या नावाखाली वस्तीवस्तीत लोकांचे गट तयार झाले. वर कोणी अध्यक्ष नाही, खाली सभासदांची वर्गणी नाही. आपल्या गल्लीत कोण एकटे आहे, कोणाकडे पीठ संपले आहे, हे गल्लीनेच पाहायचे. पुढची पायरी महत्त्वाची. सुखवस्तू वस्तीच्या गटाने गरीब वस्तीच्या गटाशी जोडी बांधली. तिकडच्या बायांनी आपल्या चुलीवर सार्वजनिक स्वयंपाक चालवला, इकडच्यांनी धान्य आणि पैसा पुरवला. वर्णभेदाने मुद्दाम एकमेकांपासून तोडून बसवलेल्या या वस्त्या होत्या. केपटाउनच्या जुन्या मुस्लिम मोहल्ल्यांत रमजानच्या संध्याकाळी मुले ताटल्या घेऊन शेजाऱ्यांकडे धावतात. त्या शहराला दुसऱ्याच्या दारात ताट पोचवायची सवय होतीच.

तिथलीच आणखी एक संस्था 'गिफ्ट ऑफ द गिव्हर्स'. गांधीजींना १८९३ साली रेल्वेच्या डब्यातून उतरवले गेले त्या पीटरमारित्झबर्गमध्ये डॉ. इम्तियाज सुलिमान या भारतीय वंशाच्या मुस्लिम डॉक्टरने ती १९९२ मध्ये सुरू केली. कोरोनात तिने सरकारी दवाखान्यांना संरक्षक पोशाख आणि ऑक्सिजनची साधने पोचवली. रुग्ण कोणत्या धर्माचा, हे तिने पाहिले नाही.

महाराष्ट्रात हेच काम रमजानच्याच दिवसांत झाले, आणि ते जकातीच्या पैशाने झाले, हे विसरले जाते. इचलकरंजीत मुस्लिम समाजाने २०२० च्या रमजानमध्ये ३६ लाख रुपये गोळा केले आणि इंदिरा गांधी स्मृती रुग्णालयात दहा खाटांचा अतिदक्षता विभाग उभा केला. ईदच्या दिवशी, २५ मे रोजी, तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी दूरदृश्य प्रणालीवरून त्याचे लोकार्पण केले. वस्त्रोद्योगाचे हे गाव, यंत्रमाग बंद, हातात पैसा नाही, अशा काळातली ही गोष्ट आहे. जकातीचा पैसा एखाद्या गरजूच्या मालकीचा व्हावा लागतो, असे हनफी फिकह मानते. बहुतेक फिकहकार तो मुस्लिम गरजूंपुरताच मानतात. तेव्हा यंत्रावर आणि सार्वजनिक खाटेवर तो खर्च करावा का, यावर जाणकार वाद घालू शकतात. त्या खाटेवर धाप लागून पडलेल्या माणसाला त्या वादाशी घेणे नव्हते.

पुण्यात आझम कॅम्पसच्या मशिदीचा मजला विलगीकरणासाठी देण्यात आला, ८० जणांची सोय तिथे होणार होती. मुंबईत मरीन लाइन्सच्या बडा कब्रस्तानाशी जोडलेल्या स्वयंसेवकांनी, नातलग येऊ शकत नव्हते अशा हिंदू मृतांना त्यांच्याच रीतीने अग्नी दिला. आपल्याकडे तिसऱ्या दिवशी अस्थी गोळा करण्याला सावडणे म्हणतात. त्या दिवसांत किती जणांचे सावडणे परक्या हातांनी झाले असेल!

२०२१ च्या रमजानमध्ये दुसरी लाट आली. नागपूरचे वाहतूक व्यावसायिक प्यारे खान, जे एके काळी रिक्षा चालवत, त्यांनी प्राणवायूचे टँकर मिळवून रुग्णालयांना पोचवले. सुमारे ८५ लाख रुपये त्यांचे स्वतःचे गेले. प्रशासनाने पैसे देऊ केले, तर ही माझी जकात आहे म्हणून त्यांनी नाही म्हटले.

या सगळ्याच्या बरोबरीने दुसरेही घडत होते, आणि रमजानच्या पानावर त्याचा उल्लेख टाळणे बरे नाही. २०२० च्या मार्च-एप्रिलमध्ये तबलिगी जमातीच्या निमित्ताने साऱ्या समाजावर बोट रोखले गेले. भाजीच्या गाड्यावर माणसाचे नाव विचारले गेले. अहमदनगर जिल्ह्यात घाना, टांझानिया, बेनिन, आयव्हरी कोस्ट अशा देशांतून आलेल्या परदेशी तबलिगींवर गुन्हे दाखल झाले. मंडेलांच्या गोष्टीतला वाटसरू इथे आरोपी ठरला. २१ ऑगस्ट २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ते गुन्हे रद्द केले आणि या लोकांना बळीचा बकरा केले गेल्याचे मत नोंदवले. निकाल आला तोवर बदनामी गावोगाव पोचली होती. निकाल मात्र तितक्या गावांत पोचला नाही.

परीघ देशांमध्येही आखडला. लस निघाली तेव्हा श्रीमंत देशांनी गरजेपेक्षा कितीतरी अधिक मात्रा राखून ठेवल्या. त्याआधीच, २ ऑक्टोबर २०२० रोजी, भारत आणि दक्षिण आफ्रिका या दोघांनी मिळून जागतिक व्यापार संघटनेत मागणी केली होती की, साथ असेपर्यंत लस आणि औषधांवरचे बौद्धिक संपदेचे हक्क बाजूला ठेवावेत. दिवस गांधीजयंतीचा. निर्णय व्हायला जून २०२२ उजाडला आणि मूळ मागणीतले थोडेच हाती आले. शेळगाव ज्या पुणे जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्यातल्या सीरम इन्स्टिट्यूटमधून फेब्रुवारी २०२१ च्या पहिल्या दिवशी दहा लाख मात्रा जोहान्सबर्गला उतरल्या होत्या. तिथे पसरलेल्या विषाणूवर ती लस फारशी चालत नाही असे दिसल्यावर दक्षिण आफ्रिकेने त्या फेकल्या नाहीत, परतही मागे लावल्या नाहीत. आफ्रिकेतल्या इतर देशांना दिल्या.

महामारी गेली, पण तिने मागे ठेवलेली माणसे इथेच आहेत. आई-वडील दोघेही गेलेल्या मुलांच्या नावे राज्य सरकारने पाच लाखांची ठेव ठेवली. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानंतर मृतांच्या वारसांना ५० हजार मिळाले. विधवा झालेल्या बायकांसाठी 'मिशन वात्सल्य' आले. हे सगळे कागदावर नोंद झालेल्यांसाठी. ज्याचा मृत्यू घरीच झाला, चाचणी झालीच नाही, त्याची बायको कोणत्या यादीत? नवऱ्याच्या आजारपणाचे कर्ज फेडताना सातबाऱ्यावर स्वतःचे नाव लावून घ्यायला जिला दिराच्या दारात बसावे लागते, तिला कोण धरते सावडीत?

अलीकडे रमजान गाळपाच्या हंगामात येऊ लागला आहे. उसाने भरलेल्या गाड्या रात्रभर कारखान्याकडे जात असतात. घराघरांत सहरीला चुली पेटतात तेव्हा फडाकडच्या कोप्यांतूनही धूर निघत असतो. कोयत्याची बाई पहाटे भाकरी थापून घेते, कारण दिवस उजाडला की मोळ्या बांधायच्या. घराघरात जकातीच्या आणि सदक्याच्या याद्या याच दिवसांत होतात. घरटी माणशी पावणेदोन-दोन किलो गव्हाच्या किमतीचा फितरा ईदच्या नमाजआधी पोचता करायचा असतो, म्हणजे घेणाऱ्याच्या घरीही त्या सकाळी काही गोड शिजते. सदका तर कोणत्याही धर्माच्या गरजूला चालतो. यादीत पहिली नावे नात्यातली, मग मोहल्ल्यातली. त्यांच्याखाली कागदावर बरीच जागा कोरी असते.