पराभूतांचा क्लब

बंद मंडळाचें दार परक्यासाठीं उघडतें तें बहुधा ओळखीनें, नाहीं तर पैशानें. बुद्धिबळाच्या जगांत तिसरीही एक वाट आहे; ती म्हणजे पटावर डाव जिंकण्याची. ती किती खडतर असते हें व्हेरा मेंचिक हिच्या चरित्रावरून कळतें.

तिचा जन्म १९०६ सालीं मॉस्को येथें झाला. वडील चेक, आई इंग्रज. रशियांतील क्रांतीनंतर घराची घडी विस्कटली आणि १९२१ सालीं ती आईबरोबर इंग्लंडांत, हेस्टिंग्ज या समुद्रकांठच्या गांवीं आली. इंग्रजी तिला धड बोलतां येत नव्हतें. परंतु पटावर बोलावें लागत नाहीं. १९२३ सालीं ती तेथील बुद्धिबळ क्लबाची सभासद झाली. पुढें हंगेरीचा नामांकित खेळाडू गेझा मारोत्सी याचें मार्गदर्शन तिला लाभलें आणि १९२७ सालीं ती स्त्रियांमध्यें जगज्जेती ठरली.

पुरुष उस्तादांचें मंडळ मात्र निराळें. त्याला ना पाटी, ना घटना, ना वर्गणी. तरी परक्याला आंत घेण्याच्या बाबतींत तें फार कडक. १९२९ सालीं कार्ल्सबाद येथील स्पर्धेंत २२ खेळाडूंत ती एकटीच स्त्री होती. व्हिएन्नाचा अल्बर्ट बेकर थट्टेनें म्हणाला कीं, जो हिच्याकडून हरेल त्याला ‘व्हेरा मेंचिक क्लबा’चें सभासद करावें. त्या क्लबाचा पहिला सभासद बेकर स्वतःच झाला!

त्या स्पर्धेंत ती शेवटची आली, हेंही खरें. २१ डावांत तिला अवघे ३ गुण मिळाले. पण थट्टा हवेंत विरते, डावाची नोंद कागदावर राहते. पुढें हेस्टिंग्जच्या स्पर्धांत पंजाबचा सुलतान खान आणि १९३५ सालीं जगज्जेता झालेला हॉलंडचा माक्स ऑयवे हेही त्या ‘क्लबां’त दाखल झाले. जिनें दाराबाहेर राहावें अशी अपेक्षा होती, तिच्याच नांवानें बड्यांची यादी तयार झाली.

१९४४ सालीं लंडनवरील जर्मन हल्ल्यांत तिचा अंत झाला. जगज्जेतेपद तोंवर तिच्याकडेंच होतें. स्त्रियांच्या बुद्धिबळ ऑलिंपियाडमधील विजेत्या संघाच्या करंडकाला आज तिचें नांव आहे. २०२४ सालीं बुडापेस्ट येथें ही स्पर्धा भारताच्या संघानें जिंकली. नागपूरची दिव्या देशमुख त्या संघांत होती.