‘कालिया मर्दन’: आधी मुलगी, मग कृष्ण

दादासाहेब फाळके म्हटले की आपल्याला १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ आठवतो. मला मात्र आपले लक्ष १९१९ च्या ‘कालिया मर्दन’ या मूकपटाकडे वेधायचे आहे. पडद्यावरचा देव कसा घडतो, हे फाळक्यांनी त्यात उघड दाखवले आहे.

चित्रपटाच्या आरंभी कथा नाही. फाळक्यांची लहानगी कन्या मंदाकिनी समोर येते आणि चेहऱ्यावर एकामागून एक भाव आणून दाखवते. मग तिची प्रतिमा विरत जाते आणि त्याच जागी कृष्णवेषातली तीच मुलगी उमटते.

त्या काळी ही किमया कॅमेऱ्यातच साधत. भिंगाचे छिद्र हळूहळू मिटवायचे, फिल्म तेवढीच मागे गुंडाळायची, वेष बदललेल्या नटाला पुन्हा त्याच जागी बसवायचे आणि छिद्र उघडत तीच फिल्म पुन्हा फिरवायची. एक चित्र मावळता मावळता दुसरे उगवते. फ्रान्समध्ये जॉर्ज मेलिएस हा जादूगार एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीसच अशा युक्त्या करू लागला होता. फाळकेही जादूचे प्रयोग जाणत. छायाचित्रण ते बडोद्याच्या कलाभवनात शिकले. वाटाण्याच्या रोपाची वाढ थोडी थोडी टिपून त्यांनी पहिला प्रयोग केला, तोही याच जातीचा.

मग ही भाविकांची फसवणूक म्हणायची का? प्रश्न गंभीर आहे. कारण १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक हात जोडत, असे सांगतात. त्यात राम आणि सीता दोन्ही एकटे अण्णा साळुंकेच होते!

मला तसे वाटत नाही. फसवणारा आपले साधन झाकतो. फाळक्यांनी आधी मुलगी दाखवली, मग कृष्ण. गोव्या-कोकणातल्या दशावतारातही गावचाच ओळखीचा माणूस रंग चढवून उभा राहतो आणि लोक त्याला नमस्कार करतात. पाषाण आहे हे ठाऊक असूनच आपण मूर्तीपुढे नतमस्तक होतो. जाणतेपण आणि भक्ती एकत्र नांदू शकतात, हा विश्वास फाळक्यांनी प्रेक्षकावर टाकला.

त्यांच्या अनेक मूकपटांचे तुकडेच उरले. ‘कालिया मर्दन’ मात्र बराचसा टिकला आहे. पाहाल तेव्हा आरंभीचा तो चेहरा प्रस्तावना म्हणून ओलांडू नका. सगळे मर्म तिथेच आहे.