परदेशगमनाचा परवाना आणि शेतकऱ्याचे दप्तर

शेतकऱ्याने परदेश पाहावा की नाही, हा वाद आता जुना झाला. नाशिक, सांगली व सोलापूर या जिल्ह्यांतील द्राक्षे युरोपच्या बाजारात विकली जातात; तेव्हा आपला माल जेथे उतरतो तेथील बाजार, शीतगृहे आणि ग्राहकांची आवडनिवड प्रत्यक्ष पाहावी, असे बागाईतदारास वाटणे साहजिकच आहे. महाराष्ट्र शासनाच्या कृषी विभागाची शेतकऱ्यांस देशाबाहेरील अभ्यासदौऱ्यास पाठविण्याची योजना आहे. तीत खर्चाच्या निम्मी, परंतु जास्तीत जास्त एक लाख रुपये, एवढी मदत देण्याचा नियम आहे. याखेरीज शिक्षणानिमित्त परदेशी गेलेल्या मुलामुलींस एकदा भेटून यावे, अशी इच्छा धरून बसलेले आईबाप गावोगाव आढळतात.

या सर्वांच्या वाटेवरील पहिला नाका म्हणजे पासपोर्ट, अर्थात पारपत्र. अभ्यासदौऱ्याच्या वरील योजनेत इच्छुकाजवळ वैध पासपोर्ट आधीच असावा लागतो. ‘निवड होऊ द्या, मग पासपोर्ट काढू,’ असे म्हणून स्वस्थ बसणाऱ्याची संधी त्यामुळे हातची जाते. वास्तविक अर्ज भरणे हे थोड्या वेळाचे काम आहे. वेळ खाते ते कागद जमविणे. आणि त्याहूनही अधिक वेळ खाते ते जमविलेल्या कागदांतील विसंगती दूर करणे. म्हणून पेरणीपूर्वी जशी रानाची, तशी अर्जापूर्वी दप्तराची मशागत कशी करावी, हे येथे सांगण्याचे योजिले आहे.

पासपोर्ट मागणे हा हक्क

पासपोर्ट ही सरकारची मेहेरबानी नव्हे. १९६७ साली सतवंतसिंग साहनी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने, परदेशगमनाचा हक्क हा व्यक्तिस्वातंत्र्याचाच एक भाग होय, असा निर्णय दिला. आणि त्याच वर्षी संसदेने पासपोर्टाचा कायदा केला. पासपोर्ट कोणत्या कारणांनी नाकारता येतो, हे त्या कायद्याने ठरवून दिले आहे. तथापि हक्क झाला तरी तो मागणारा कोण, तो केव्हा जन्मला आणि कोठे राहतो, या तीन प्रश्नांची उत्तरे कागदानेच द्यावी लागतात. पासपोर्टाचे सारे दप्तर या तीन प्रश्नांभोवती फिरते, हे ध्यानात ठेविले म्हणजे कोणता कागद कशासाठी मागतात, याचा उलगडा होतो.

सातबारा येथे उपयोगी नाही

शेतकऱ्याच्या घरी सर्वांत जपून ठेवलेला कागद म्हणजे सातबाराचा उतारा. कर्ज असो, पीकविमा असो, वा भावाभावांतील वाटणी असो, त्याच्यावाचून काम अडते. म्हणून तो येथेही चालेल अशी पुष्कळांची समजूत असते. ती बरोबर नाही. सातबारा जमिनीविषयी बोलतो, मनुष्याविषयी नव्हे. त्यावर जन्मतारीख नसते, छायाचित्र नसते, आणि खातेदार त्या गावी राहतो किंवा कसे हेही त्यावरून कळत नाही. पासपोर्टासाठी मान्य असलेल्या पत्त्याच्या पुराव्यांत त्यास स्थान नाही. अभ्यासदौऱ्याच्या अर्जास सातबारा व आठ-अ हे उतारे लागतात. ते तेथे जोडावेत.

तशीच दुसरी समजूत बँकेच्या पासबुकाविषयी आहे. छायाचित्र असलेले, चालू खात्याचे पासबुक पत्त्याचा पुरावा म्हणून घेतात हे खरे. परंतु ते सार्वजनिक किंवा खासगी क्षेत्रातील अनुसूचित बँकेचे, अथवा प्रादेशिक ग्रामीण बँकेचे असावे लागते. सहकारी बँकांचा उल्लेख त्या यादीत नाही. आपल्यापैकी पुष्कळांचा सारा व्यवहार जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेत व गावच्या सोसायटीत चालतो; त्यांनी त्या पासबुकावर विसंबून केंद्रापर्यंत खेप घालू नये. आधारपत्र, मतदार ओळखपत्र, विजेचे किंवा पाण्याचे बिल, गॅसजोडणीचा कागद, नोंदणीकृत भाडेकरार, यांपैकी जे आपल्या नावावर असेल ते पुढे करावे. येथे ‘आपल्या नावावर’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. वाड्यातील विजेचे मीटर बहुधा आजोबांच्या किंवा वडिलांच्या नावावर असते. ते बिल नातवाच्या कामाचे नाही.

जन्मतारखेचा पुरावा

जन्मतारखेविषयीचा नियम अलीकडे दोनदा बदलला आहे. पूर्वी २६ जानेवारी १९८९ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यास जन्मनोंदीचा दाखला आणणे भाग होते. डिसेंबर २०१६ मध्ये ही अट सैल करण्यात आली. पुढे फेब्रुवारी २०२५ च्या दुरुस्तीने असे ठरले की, १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या बालकास केवळ जन्मनोंदीचाच दाखला चालेल. त्यापूर्वी जन्मलेल्यांस मात्र शाळा सोडल्याचा दाखला, शालान्त परीक्षेचे प्रमाणपत्र, पॅनकार्ड, वाहन चालविण्याचा परवाना, मतदार ओळखपत्र किंवा आयुर्विमा महामंडळाची पॉलिसी, यांपैकी कोणताही जन्मतारीख असलेला एक कागद पुरे. आधारपत्र हे ओळखीचे साधन आहे. जन्मतारखेसाठी त्याच्यावर विसंबू नये.

आता आपल्याकडील एक जुनी रीत सांगितली पाहिजे. खेड्यात मुलाचा जन्म आईने ‘त्या साली मोठा पाऊस झाला’ अशा खुणेने लक्षात ठेवावा, आणि शाळेत नाव घालतेवेळी गुरुजींनी १ जून ही तारीख लिहून टाकावी, असे सर्रास होत असे. त्यामुळे आज पन्नाशी-साठीत असलेल्या असंख्य शेतकऱ्यांची जन्मतारीख कागदोपत्री १ जून आहे. एवढ्याने काही बिघडत नाही. शाळेच्या दाखल्यावर १ जून असेल आणि इतर सर्व कागदांवरही तीच असेल, तर तीच आपली तारीख समजावी. अडचण येते ती शाळेत १ जून, आधारवर १ जानेवारी आणि मतदार ओळखपत्रावर तिसरीच तारीख, असा प्रकार असल्यास.

ज्यांस मूळ जन्मनोंद हवी असेल त्यांनी प्रथम ग्रामपंचायतीच्या जन्म-मृत्यू नोंदवहीत शोध घ्यावा. जुन्या काळच्या नोंदी गाव नमुना चौदामध्ये, म्हणजे लोक ज्यास कोतवाल बुक म्हणतात त्यात, होत असत. त्या तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात पाहावयास मिळतात. पुणे शहरात जन्म झाला असेल तर महानगरपालिकेकडे जावे. नोंदीत मुलाचे नाव न लिहिता केवळ ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ एवढेच लिहिलेले असल्यास नाव दाखल करून घ्यावे. नोंदच झालेली नसेल, तर एक वर्षाहून अधिक विलंबाच्या नोंदीसाठी २०२३ च्या दुरुस्तीनुसार जिल्हा दंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा त्यासाठी अधिकार दिलेला कार्यकारी दंडाधिकारी यांचा आदेश लागतो. हे काम आठवड्यात उरकणारे नव्हे. घरातील नातवंडांची नोंद आजच झाली आहे की नाही, हे वडीलधाऱ्यांनी अवश्य पाहावे.

एक मनुष्य, एकच नाव

आमच्या मते सर्व अडचणींचे मूळ नावात आहे. शाळेत ‘दत्तात्रय’, आधारवर ‘दत्तू’, सातबारावर ‘दत्ताराव उर्फ दत्तोबा’. गावास यात काहीच वावगे दिसत नाही, कारण गाव मनुष्यास ओळखते. पासपोर्ट कार्यालय मनुष्यास ओळखत नाही; ते कागदास ओळखते. त्याच्या दृष्टीने ही तीन माणसे होतात.

त्यातून पासपोर्टावरील नाव इंग्रजी लिपीत असते, आणि मराठी नावे त्या लिपीत नाना प्रकारे लिहिली जातात. ‘ज्ञानेश्वर’ हे नाव कोणी ‘डी’ अक्षराने आरंभितो, कोणी ‘जी’ने, ‘लक्ष्मण’ या नावात कोणी ‘एक्स’ घालतो, कोणी ‘के’. एका अक्षराच्या फरकानेही अर्ज थांबू शकतो. आणि पासपोर्ट मिळाल्यावर विमानाचे तिकीट व व्हिसा यांवर तेच लेखन जसेच्या तसे असावे लागते. म्हणून कोणते लेखन कायम करावयाचे ते एकदा ठरवावे.

अर्जात नावासाठी दोन रकाने असतात: एक दिलेल्या नावाचा व दुसरा आडनावाचा. आपल्याकडे स्वतःचे नाव, वडिलांचे नाव व आडनाव अशी रीत असल्याने पहिल्या रकान्यात स्वतःचे व त्यापुढे वडिलांचे नाव, आणि दुसऱ्यात आडनाव लिहितात. आधार, पॅन इत्यादींवर नाव ज्या क्रमाने व जितके पूर्ण आहे त्याच्याशी ते जुळले पाहिजे.

विवाहित स्त्रियांची गोष्ट याहून नाजूक आहे. शाळेचा दाखला माहेरच्या नावाचा, मतदार ओळखपत्र सासरच्या नावाचे, अशी त्यांची स्थिती असते. २०१६ च्या नियमांनी पासपोर्टाच्या अर्जास विवाहाचा दाखला जोडण्याची सक्ती काढून टाकिली. तरीही माहेरचे व सासरचे नाव एकाच स्त्रीचे आहे हे दाखविण्यास त्याच्याइतका सोपा कागद नाही. राज्यात विवाहनोंदणीचा कायदा १९९८ चा आहे. जुने लग्न असले तरी त्याची नोंद करून घ्यावी.

दुरुस्तीचा क्रम असा असावा. शाळेचा दाखला किंवा जन्मनोंद हा पाया धरावा, आणि आधार, पॅन व मतदार ओळखपत्र त्याच्याशी जुळवून घ्यावेत. उलट करू नये. आधारपत्रात नाव सामान्यतः दोनदा व जन्मतारीख एकदाच बदलता येते. तेव्हा ही संधी अविचाराने खर्चू नये. नाव मुळातच बदललेले असेल, तर महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रात तसे प्रसिद्ध करून घेणे हा रूढ मार्ग आहे.

दहावीचे प्रमाणपत्र

शालान्त परीक्षेचे प्रमाणपत्र पुष्कळांच्या घरी पेटीच्या तळाशी असते. ते वर काढावे. १९८३ च्या उत्प्रवास कायद्यान्वये आखाती राष्ट्रे, मलेशिया आदी अठरा देशांत नोकरीस जाणाऱ्या काही लोकांस सरकारची पूर्वमंजुरी लागते. दहावी उत्तीर्ण असल्याचे प्रमाणपत्र दाखविल्यास ही अट लागू होत नाही. पन्नाशी ओलांडलेल्यांस व प्राप्तिकर भरणाऱ्यांसही नाही. शेतीचे उत्पन्न केंद्राच्या प्राप्तिकरातून मुक्त असल्याने आपल्यापैकी बहुतेकांजवळ कर भरल्याचा कागद नसतो; म्हणून तरुण शेतकऱ्यास दहावीचे प्रमाणपत्रच उपयोगी पडते. प्रवासास किंवा मुलाबाळांस भेटावयास जाणाऱ्यास मात्र ही मंजुरी लागत नाही. दहावी न झालेल्यांनी खचून जाऊ नये.

बांधाची भांडणे आणि आंदोलने

आपल्यावर न्यायालयात फौजदारी प्रकरण चालू आहे काय, असा प्रश्न अर्जात असतो. जमिनीचा दिवाणी दावा येथे विचारात घेत नाहीत. परंतु बांधावरून झालेल्या मारामारीचा किंवा रास्ता रोकोतील जुना खटला चालू असेल, तर तो लपवू नये. तसा खटला असूनही न्यायालयाची परवानगी आणल्यास पासपोर्ट मिळू शकतो; १९९३ ची अधिसूचना त्यासाठीच आहे. उलट खोटी माहिती दिल्यास किंवा माहिती दडविल्यास कायद्याच्या बाराव्या कलमान्वये दोन वर्षांपर्यंत कैद, पाच हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही शिक्षा सांगितल्या आहेत. पोलीस चौकशीत ही गोष्ट उघड होतेच.

अर्ज, फी व केंद्र

अर्ज परराष्ट्र मंत्रालयाच्या संकेतस्थळावर भरावयाचा असतो. त्याच्या नावासारखी नावे घेऊन पैसे उकळणारी स्थळे आहेत. खऱ्या स्थळाच्या पत्त्याचा शेवट ‘जीओव्ही डॉट इन’ असा असतो, हे पाहावे. प्रौढाच्या ३६ पानी पासपोर्टास दीड हजार रुपये फी २०१२ सालापासून आहे. ६० पानी पुस्तिकेस दोन हजार. तत्काळ हवा असल्यास आणखी दोन हजार. साठ वर्षांवरील अर्जदारास पहिल्या अर्जाच्या फीत दहा टक्के सवलत मिळते. प्रौढाचा पासपोर्ट दहा वर्षे चालतो.

फी भरून वेळ ठरविली म्हणजे नेमल्या दिवशी पुणे शहरात मुंढवा येथील पासपोर्ट सेवा केंद्रात स्वतः जावे लागते. २०१७ सालापासून निरनिराळ्या गावांच्या टपाल कार्यालयांतूनही अशी केंद्रे उघडली आहेत. आपल्या जवळचे कोणते, ते आधी पाहावे. सोबत मूळ कागद व स्वतः सही केलेल्या प्रती न्याव्यात. मुंढव्याच्या केंद्रात छायाचित्र व बोटांचे ठसे तेथेच घेतात. अ, ब व क अशा तीन खिडक्यांवरून काम पुढे सरकते: पहिलीवर कागद घेतात, दुसरीवर तपासतात, तिसरीवर निर्णय करितात. २०१६ च्या नियमांप्रमाणे प्रतिज्ञालेख साध्या कागदावर लिहून चालतात. त्यासाठी मुद्रांक किंवा नोटरी यांची गरज नाही. तेव्हा त्या नावाखाली कोणी पैसे मागितल्यास देऊ नयेत.

गावी शेत आणि पुण्यास बिऱ्हाड, असे दोन ठिकाणी राहणारे पुष्कळ आहेत. त्यांनी जेथे प्रत्यक्ष वास्तव्य आहे तोच पत्ता द्यावा. जून २०१८ पासून देशात कोठेही अर्ज करता येतो. परंतु पोलीस चौकशी दिलेल्या पत्त्यावरच होते, आणि पोलीस येतील तेव्हा अर्जदार तेथे भेटला पाहिजे. ऐन सुगीत गावी जावयाचे असेल तर अर्ज त्याआधी किंवा त्यानंतर करावा.

सारांश, पासपोर्टास कागद फार लागत नाहीत; परंतु जे लागतात ते एकमेकांशी जुळलेले लागतात. यंदा परदेशी जाण्याचा विचार नसला, तरी पावसाळ्यातील एखाद्या सवडीच्या दिवशी घरातील प्रत्येकाचा शाळेचा दाखला, आधार, पॅन व मतदार ओळखपत्र शेजारी शेजारी मांडावे, आणि नाव व जन्मतारीख अक्षरशः ताडून पाहावी. घरातील स्त्रियांचे कागद प्रथम पाहावेत, कारण फरक बहुधा तेथेच असतो. जेथे फरक दिसेल तेथे त्याच महिन्यात दुरुस्तीचा अर्ज द्यावा. असे ज्याने केले, त्याच्या बाबतीत पासपोर्ट ही केवळ एका खेपेची गोष्ट उरते.