दिसू नये असा टाका

लक्ष्मी रस्त्यावर साडी घ्यायची आणि फॉल-बिडिंगला आत नारायण पेठेत टाकायची, ही कित्येक घरांची रीत. पत्र्या मारुतीवरून आत वळलं की एका जिन्याखाली काकूंचं मशीन आहे. दारातल्या दोरीवर साड्या नसतात, फॉल वाळत असतात.

फॉल सुती. खळ निघून पहिल्या धुण्यात तो आटतो. रेशमी किंवा सिंथेटिक साडी त्या मानाने आटत नाही. न भिजवता लावला की काठाला चुण्या पडल्याच म्हणून समजा. घाईत काम उरकणारे नेमकं हेच गाळतात.

रंग काकू दाराशी येऊन, उजेडात जुळवतात. ट्यूबखाली जांभळा आणि वांगी सारखेच दिसतात. मग ब्लाउजपीस कापायचा का, हे दोनदा विचारून साडीच्या दोन्ही टोकांना पिको. हे मशीनचं काम, झटपट होतं. फॉल मात्र हाताने. एकेरी दोरा, बारीक सुई. सुई फॉलमधून निघते, साडीचा जेमतेम एक धागा उचलते आणि परत आत जाते. दर वीतभर अंतरावर काकू साडी उलटून सुलट बाजूवर अंगठा फिरवतात. टाका हाताला लागला तर तेवढं उसवायचं. एका साडीला तास-सव्वा तास सहज जातो. हजारोंची साडी घेणारी माणसं इथे येऊन दहा रुपयांसाठी घासाघीस करतात, याचा मला भारी राग येतो. काकूंना येत नाही.

लग्नसराईपेक्षा गौरी-गणपतीच्या आधीची गर्दी वाईट. मानाचा पाचवा गणपती जवळच, केसरीवाड्यात. एकदा मांडव पडले की गाडी आत आणणं मुश्कील, म्हणून सगळ्यांना साडी आधीच हवी.

परवा अभ्यासिकेतून एक मुलगी आली. आईची साडी, फॉल विरलेला.

"उद्या मिळेल? मशीनवर मारा ना, काकू."

"मारते. पण वरून टाके दिसतील हो. आणि निऱ्या कोण घालून देणार तुला?"

"मैत्रीण. मोबाइलवर बघून."

काकूंनी जुना फॉल उसवायला घेतला. "मग परवा ये. हाताने करते. आणि मैत्रिणीलाही घेऊन ये, इथेच दाखवते दोघींना."

"पैसे जास्त होतील?"

"फॉलचे होतील. निऱ्यांचे नाही."